क्रिस्तीना न्यागू : चारदा जगातली बेस्ट हँडबॉल प्लेयर, अन आपल्या पोट्ट्यांना नावही माहीत नाही

लेफ्टबॅक_दर्यापूर

नमस्कार मंडळी. क्रिकेटचे धागे वाचून वाचून डोकं पिकलं म्हणून हा काढून राहिली. हँडबॉलवर इथं कोणी चकार शब्द बोलत नाही, जसं काही तो खेळ दहावीच्या ग्रेस मार्कांसाठीच काढलाय.

तर क्रिस्तीना न्यागू. रोमानियाची, म्हणजे जिम्नॅस्ट नादिया कोमानेचीच्या देशातली. १९८८ चा जन्म, बुखारेस्ट. २०२५ मधे खेळणं थांबवलं, ३६ वर्षांची होती. इंटरनॅशनल हँडबॉल फेडरेशनचा वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूचा अवॉर्ड तिनं चारदा घेतला, २०१०, २०१५, २०१६ आणि २०१८. चारदा म्हणजे किती ते समजून घ्या, पुरुषांत तो फ्रान्सचा निकोला काराबातिच, ज्याला लोक खेळाचा देव म्हणते, तो तीनवरच थांबला. डेन्मार्कचा मिकेल हान्सनही तीनवर. युरोपियन चॅम्पियनशिपमधे ३०० गोलचा टप्पा गाठणारी पहिली बाई हीच, आणि युरोपातल्या क्लबांच्या बायांच्या चॅम्पियन्स लीगमधे सगळ्यात जास्त गोल हिचेच, हजाराच्या कितीतरी वर.

मी स्वतः लेफ्ट बॅक खेळली आहे, विभागापर्यंतच, पण खेळली. त्याच्यामुळं मले तिचं खेळणं पाहताना बाकी काही दिसतच नाही. लेफ्ट बॅक म्हणजे टीमची तोफ, नऊ मीटरच्या तुटक लाईनवरून पळत यायचं, तीन स्टेप, उडी, अन समोर हात वर करून उभ्या असलेल्या दोन उंच बायांच्या वरून नाहीतर बाजूनं मारायचं. आपल्या पोट्ट्या उडी मारली की लगेच बॉल सोडतात, भीती वाटते ना खाली पडायची. ही बाई सोडत नाही. वर जाते, थांबते, कीपर एका बाजूला वजन टाकते तोपर्यंत थांबते, अन मग मनगट उलटं फिरवून दुसऱ्या कोपऱ्यात. कधी वरून न मारता डिफेंडरच्या काखेखालून, कमरेच्या उंचीवरून. व्हिडिओ स्लो करून पाहा, खांदा एकीकडं अन बॉल भलतीकडं.

आता मुद्द्यावर येते. २०१० चा अवॉर्ड मिळाला तेव्हा ही बावीसची. त्याच्यानंतर खांदा गेला, तोच फेकायचा खांदा, ऑपरेशन, अन मोठा काळ ग्राउंडच्या बाहेर. पुढचा अवॉर्ड डायरेक्ट २०१५ चा. मधल्या पाच वर्षांत किती जणांनी हिला संपवली असेल विचार करा. मग पुन्हा २०१८ डिसेंबर, फ्रान्समधली युरोपियन चॅम्पियनशिप, हंगेरीविरुद्ध गुडघ्याचं लिगामेंट फाटलं. टीम सेमीफायनलला गेली पण ही बाहेर, चौथा नंबर आला. अन त्याच वर्षाचा अवॉर्ड पुन्हा हिलाच! त्याच्यानंतर परत उभी राहिली अन आणखी सहा वर्षं खेळली.

हे सगळं सांगायचं कारण असं की आमच्याकडं संध्याकाळी शाळेच्या ग्राउंडवर मी पोरी घेते. त्यातली एक, अकरावीला आहे, डावखुरी, असा हात मी तालुक्यात दुसरा पाहिला नाही. विभागाच्या मॅचमधे कट मारताना, म्हणजे पळता पळता एकदम दिशा बदलताना, गुडघा वळला. कोणाचा धक्का नाही काही नाही, एकटीच पडली. दवाखान्याच्या आधी हाड बसवणाऱ्याकडं नेली, त्यानं चोळून दिलं, सूज उतरली, चालायला लागली, झालं. आता घरचे म्हणते खेळ बंद. अन ज्या टीमसाठी ती पडली त्यांनी पुढच्या यादीत दुसरीचं नाव टाकलं, हिला एक फोन नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की न्यागू मोठी झाली कारण ती पडल्यावर कोणीतरी तिच्यासाठी थांबलं. आपल्याकडं पोरगी पडली की लोक थांबत नाही, लग्नाचं पाहतात.

बोला आता.

संत्रा_बागाईतदार

ताई धागा मस्त काढला, पण मले हे नाव खरंच पहिल्यांदा ऐकू आलं. मी तर हँडबॉल म्हणजे हातानं खेळायचा फुटबॉल एवढंच समजतो. एक विचारतो, राग नका मानू, एवढी मोठी प्लेयर तर ऑलिम्पिकचे मेडल किती?

लेफ्टबॅक_दर्यापूर

राग कायचा भाऊ. शून्य. ऑलिम्पिक एकच खेळली, २०१६ चं रिओ, अन तिथं रोमानिया गटातच बाहेर. टोकियो अन पॅरिस दोन्हीला टीम पात्रच ठरली नाही.

पिव्होट_०७

मग काय ताई 😄 काराबातिचकडं ऑलिम्पिकचे तीन गोल्ड आहेत, २००८, २०१२ अन टोकियो. चार वर्ल्ड चॅम्पियनशिप. चार युरो. अन तुम्ही म्हणता चार अवॉर्ड म्हणून न्यागू मोठी. अवॉर्ड तर मतांवर असते

लेफ्टबॅक_दर्यापूर

बेटा, फ्रान्सच्या त्या टीममधे गोलात थिएरी ओमेयर उभा राहत होता. काराबातिच एखादा शॉट चुकला तर मागं ओमेयर होता, अन बाजूला आणखी चार जण जगात नंबरी. रोमानियात काय होतं? बॉल न्यागूला द्या अन देवाचं नाव घ्या. समोरच्या टीमलाही माहीत, पहिल्या मिनिटापासून तिच्यावर एक बाई चिकटवून ठेवत होते. तरी २०१५ ची वर्ल्ड चॅम्पियनशिप पाहा. क्वार्टर फायनल डेन्मार्कविरुद्ध, डेन्मार्कमधेच, सगळं स्टेडियम विरोधात, एक्स्ट्रा टाईममधे हरवलं. सेमीत नॉर्वेकडून हारले तेही एक्स्ट्रा टाईममधेच. मग ब्राँझ. ६३ गोल एका स्पर्धेत, टॉप स्कोअररही हीच अन मोस्ट व्हॅल्युएबल प्लेयरही हीच. अन हे खांद्याच्या ऑपरेशननंतरचं आहे, विसरू नको.

रोखठोक_वणी

मी जरा वेगळं बोलतो, पटलं तर घ्या. ताईंचं लिखाण चांगलं आहे पण तुलना चुकीची आहे. न्यागूसाठी कोणी "थांबलं" म्हणजे काय, तिच्यामागं पगार देणारा क्लब होता, डॉक्टर होता, फिजिओ होता, ती धंद्यानं खेळाडू होती. आपल्या पोरीच्या बापाकडं तीन एकर कोरडवाहू, सोयाबीन पावसात काळं पडलेलं, कापसाला भाव नाही, तो गुडघ्याच्या ऑपरेशनला पैसे कुठून आणेल? त्याला दोष देऊन काय उपयोग. पोरगी चालून राहिली, शिकून राहिली, त्याच्यासाठी तेवढं पुरे आहे. मोठमोठ्या लोकांच्या गोष्टी सांगून गरिबाच्या डोक्यावर ओझं टाकू नका.

लेफ्टबॅक_दर्यापूर

बापाला दोष मी दिलाच नाही भाऊ, परत वाचा. दोष त्यांना दिला ज्यांनी मेडल आणायला पोरगी वापरली अन नंतर ओळखसुद्धा दाखवली नाही.

अन क्लबचं म्हणता तर तेही ऐका. न्यागू तेव्हा ओल्टकिम वल्चा नावाच्या क्लबला होती. ओल्टकिम म्हणजे केमिकलचा कारखाना, त्याच्याच पैशावर टीम चालत होती, २०१० ला चॅम्पियन्स लीगच्या फायनलपर्यंत गेलेली टीम बरं का. २०१३ पर्यंत कारखाना बुडाला अन टीमही त्याच्यासोबत गेली. म्हणजे खांद्याच्या दुखण्यातून वर येऊन राहिलेल्या बाईचा क्लबच गायब! आमच्याकडं सूतगिरणी बंद पडली तेव्हा तिची कबड्डीची टीम अशीच गेली होती, ज्यांची गिरणीत नोकरी होती त्यातले अर्धे आज रसवंती अन पानठेले चालवतात. फरक एवढाच की न्यागूला माँटेनिग्रोच्या बुदुच्नोस्त क्लबनं घेतलं, दुखरा खांदा माहीत असूनसुद्धा. अन दोन वर्षांत, २०१५ ला, त्याच क्लबनं चॅम्पियन्स लीग जिंकली.

गावकरी_देसाईगंज

माँटेनिग्रो म्हणजे किती मोठा देश हो? मी शोधून पाहिलं, लोकसंख्या सहा लाखाच्या आसपास!! आमचा गडचिरोली जिल्हा राज्यात विरळ म्हणून ओळखला जाते अन २०११ च्या जनगणनेत आम्हीच दहा लाखाच्या वर होतो. म्हणजे आमच्या जिल्ह्याहून लहान देशाच्या बाया चॅम्पियन्स लीग जिंकतात?

खेळाचे_सर_आर्वी

देसाईगंजवाले भाऊ, नुसती लीग नाही, माँटेनिग्रोच्या बायांनी २०१२ ला लंडन ऑलिम्पिकचं सिल्व्हर घेतलं अन त्याच वर्षी युरोपियन चॅम्पियनशिपही जिंकली. तिथं हँडबॉल हा गल्लीतला खेळ आहे, आपल्याकडं जसं गल्लीत क्रिकेट.

बरेच वर्षं शाळेत खेळ शिकवतो म्हणून थोडं लांबड लावतो, माफी असावी. इतिहास आधी. ऑलिम्पिकमधे इनडोअर हँडबॉल १९७२ ला म्युनिकमधे आला, बायांचा १९७६ ला माँट्रियलमधे, ज्या ऑलिम्पिकमधे नादियाला पैकीच्या पैकी मिळाले तेच ते. रोमानिया तर या खेळातलं जुनं घराणं आहे, त्यांच्या पुरुषांनी १९६१, ६४, ७० अन ७४ अशी चार वर्ल्ड चॅम्पियनशिप मारली, बायांनी १९६२ ला. म्हणजे न्यागू आभाळातून पडली नाही. तिच्या आधी आज्या खेळलेल्या आहेत.

आता आपलं. मैदान चाळीस बाय वीस मीटर, ते आपल्याकडं असते, जागेचा तोटा नाही. पण जमीन काळी. उन्हाळ्यात पाय जाईल एवढ्या भेगा अन शालेय स्पर्धा नेमक्या पावसाळ्यात, गोलसमोरची चुन्याची डी सकाळी आखली की दुपारपर्यंत वाहून गेली. पोट्टी जंप शॉट मारून खाली येते तेव्हा तो पाय चिखलात रुतते, वरचं शरीर फिरते अन गुडघा जागच्या जागी राहते. गुडघा तिथंच जाते. युरोपात हॉलमधलं फ्लोअर, तिथं पायाला उलट पकड जास्त म्हणून गुडघे जातात. दोन्हीकडं गुडघेच, फक्त कारण वेगळं.

दुसरी गोष्ट बॉलची, अन यावर मी भांडून भांडून थकलो. आठ ते चौदाच्या पोरींना एक नंबरचा बॉल, पन्नास ते बावन सेंटीमीटर घेर. चौदाच्या वर अन बायांना दोन नंबर, चौपन ते छप्पन. तीन नंबर मोठ्या पोट्ट्यांचा, वजन सव्वाचारशे ते पावणेपाचशे ग्रॅम. बहुतेक शाळांत काय असते? एकच बॉल. तोही तीन नंबरचा, कारण शिक्षकानं दुकानात जाऊन "हँडबॉल द्या" म्हटलं न दुकानदारानं जो होता तो दिला. सातवीतल्या पोरीच्या पंजात तो मावत नाही, मग ती मनगटानं न फेकता अख्ख्या खांद्यानं ढकलते. दोन वर्षं असं केलं की खांदा बोलायला लागते. न्यागूचा खांदा हजारो शॉट मारून गेला, आपल्या पोरींचा चुकीच्या बॉलनं जाते.

पिव्होट_०७

सर एकदम बरोबर. आमच्या शाळेत तर बॉलचा ब्लॅडर लीक होता, मोच्याकडून शिवून आणत होतो, मग तो एका बाजूनं टेंगूळ आल्यासारखा उडत होता 😂 बाऊन्स केला की कुठं जाईल नेम नाही. पण त्याच्यानंच आमचं हँडलिंग सुधारलं म्हणा

बाय द वे २०२३ ला जयपूरला प्रीमियर हँडबॉल लीग झाली होती, आपली महाराष्ट्र आयर्नमेन जिंकली, कोणी पाहिली का? अन २०२२ ला आपल्या ज्युनियर पोरींनी आशियाई चॅम्पियनशिपचं गोल्ड आणलं, ते तर पेपरात चार ओळींत आलं

रोखठोक_वणी

गोल्ड आणलं हे चांगलंच, पण त्यात आपल्या भागातल्या किती होत्या? हरियाणा, हिमाचल पुढं असते नेहमी. कारण तिथं मेडलवर नोकरी आहे हे बापाला माहीत आहे.

खेळाचे_सर_आर्वी

नोकरी आपल्याकडंही आहे, राज्य सरकारी भरतीत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहेच. पण सर्टिफिकेट कोणत्या लेव्हलचं पाहिजे, व्हेरिफिकेशन कुठं करायचं, हे पोरीला शेवटच्या वर्षी समजते. तोपर्यंत सर्टिफिकेटला उधई लागलेली असते.

पऱ्हाटीवाली

मी रोज वाचते इथं पण लिहीत नाही. आज लिहिते कारण माझी पोरगी नववीत आहे अन हँडबॉल खेळते. विंगला, म्हणजे कडेला. तिचे बाबा म्हणते शॉर्ट घालून खेळू देणार नाही, मी ट्रॅकपँट घालून पाठवते, तेवढ्यावर भागलं सध्या. कापूस वेचायच्या दिवसांत प्रॅक्टिसला पाठवायची म्हटलं की सासूबाईचं तोंड सुटते. पण हे गुडघ्याचं वाचून पोटात गोळा आला. लेफ्टबॅक ताई, तुम्ही सांगा, पाठवू का नको? घाबरवायला नाही, खरं सांगा.

फिजिओ_नागपूर

ताईंच्या आधी मी उत्तर देतो, माझं रोजचं काम आहे म्हणून.

पाठवा, वहिनी. फक्त वॉर्मअप बघा काय करून घेतात ते. ग्राउंडला दोन चकरा अन हात गोल फिरवणं याला वॉर्मअप म्हणत नाहीत. नॉर्वेत, जिथं हँडबॉल घरोघरी आहे, तिथं अठराशेच्या वर पोरापोरींवर अभ्यास केला होता, २००५ ला छापून आला. पंधरा-वीस मिनिटांचा ठरावीक वॉर्मअप, उडी मारून दोन्ही गुडघे वाकवून उतरणं, गुडघा पायाच्या अंगठ्याच्या रेषेत ठेवणं, आत पडू न देणं, एका पायावर उभं राहून बॉल पास करणं, मांडीच्या मागच्या स्नायूचा व्यायाम. एवढ्यानं गुडघ्या-घोट्याच्या दुखापती जवळपास निम्म्यावर आल्या. याला कोणतं मशीन लागत नाही. एका पायावर उभं राहायला गोणपाटाची घडी पुरते.

आता ज्या पोरीचा गुडघा वळला तिच्याबद्दल. "कोणाचा धक्का नाही, एकटीच पडली" हे वाक्य वाचलं अन मला बाकी वाचायची गरजच नव्हती. पुढचं क्रूशिएट लिगामेंट असण्याचा संशय पहिला घ्यायचा. त्यात दोन-तीन आठवड्यांत सूज उतरते, पोरगी सरळ चालते, घरचे म्हणतात बरी झाली. सरळ चालायला ते लिगामेंट फारसं लागतच नाही हो! लागते ते वळताना, जिना उतरताना, विहिरीवरून हंडा घेऊन फिरताना. तेव्हा गुडघा सटकते. अन असा सटकत राहिला की आतली गादी फाटते, मग चाळिशीत गुडघा म्हातारा. म्हणजे खेळ बंद केला तरी तपासणी चुकत नाही. चोळणं, ओढणं ताबडतोब बंद करा. ऑर्थोपेडिकला दाखवा, तो हातानं तपासूनच बरंचसं सांगते, मग एमआरआय. ऑपरेशन लागलंच तर सरकारी योजनेत बसते का ते दवाखान्यातल्या आरोग्यमित्राला आधी विचारा, बाहेर एजंटला विचारू नका. अन ऑपरेशननंतर नऊ महिने म्हणजे नऊ महिने. सहाव्या महिन्यात "आता ठीक वाटते" म्हणून ग्राउंडवर गेलेल्या पोरी माझ्याकडं दुसऱ्यांदा आलेल्या आहेत.

संत्रा_बागाईतदार

बाप्पा! विहिरीवरच्या हंड्याचं तर डोक्यातच आलं नव्हतं. आमच्या घरीच पुतणीचा गुडघा असा "सटकते", आम्ही म्हणतो नाटकं करते.

रोखठोक_वणी

फिजिओ साहेब, हे कामाचं बोललात. मी माझं म्हणणं मागं घेत नाही, गरिबाला परवडत नाही हे खरंच आहे, पण चालता येते म्हणून बरी झाली हे माझ्याही डोक्यात होतं. ताई, त्या पोरीला नागपूरला न्यायचं असेल तर वणीवरून माझी गाडी दर मंगळवारी मेडिकल कॉलेजच्या दवाखान्यात जाते, आईच्या औषधासाठी. दर्यापूर माझ्या रस्त्यावर नाही हे माहीत आहे, पण तुम्ही वर्धेपर्यंत एसटीनं आले तर पुढचं मी पाहतो.

लेफ्टबॅक_दर्यापूर

रोखठोक भाऊ, तुमच्याशी भांडायच्या मूडमधे होती मी, आता काय बोलू.

पऱ्हाटीवाली ताई, पाठवा पोरीला. ट्रॅकपँट चालते, मीही तशीच खेळली. कीपर तर युरोपातही फुल पँटच घालते, सासूबाईंना फोटो दाखवा. फक्त एक करा, तिच्या सरांना बॉलचा नंबर विचारा. नववीत म्हणजे चौदा-पंधराची असेल, दोन नंबर पाहिजे. तीन नंबर असेल तर मले सांगा, आमच्याकडं दोन नंबरचे जुने बॉल पडले आहेत, टाके घातलेले आहेत पण गोल आहेत, पिव्होटच्या शाळेसारखे टेंगूळवाले नाहीत.

पिव्होट, तुझं उत्तर राहिलं. काराबातिच मोठा नाही असं मी म्हणतच नाही. २०२० मधे त्याचाही गुडघ्याचा हाच लिगामेंट गेला होता, छत्तिसाव्या वर्षी, अन पुढच्याच वर्षी टोकियोत गोल्ड घेतलं. म्हणजे तुझा देव अन माझी देवी एकाच दुखण्यातून गेलेत, भांडण मिटलं समज.

पोरीच्या घरी आज संध्याकाळी जाऊन आली. बापाला न्यागूबिगू काही सांगितलं नाही, फिजिओ साहेबांनी हंड्याचं लिहिलं तेवढंच वाचून दाखवलं. तो गप्प बसला, माय मात्र आतून बोलली की परवा जिन्यावर अशीच लचकली होती. मंगळवारी येतो म्हणाले. भाऊ, सकाळच्या पहिल्या एसटीनं निघालो तर वर्धेला किती वाजता यायचं ते सांगा, अन गाडीत तीन जणांची जागा आहे ना, कारण माय पण येते म्हणते.

रोखठोक_वणी

जागा आहे. दहाच्या आत वर्धा स्टँडला या, उशीर झाला तर फोन करा, थांबतो. मेसेजमधे नंबर टाकला आहे. जुने रिपोर्ट, एक्सरे असेल तर सोबत घ्या, अन आधार कार्ड, रेशन कार्ड विसरू नका, योजनेसाठी पहिले तेच मागतात.